मराठीत अद्भुतकथा लिहू पाहणाऱ्या तरुण लेखकांस खुले पत्र



कल्पित जगांच्या कथा मराठीत लिहिण्याचा उत्साह अलीकडे वाढीस लागला आहे, आणि अशा कथांची हस्तलिखिते अभिप्रायार्थ वाचण्याचा योग मला वारंवार येतो. त्या वाचनातून मनात साचत गेलेली एक गोष्ट प्रत्येकास स्वतंत्रपणे कळविण्यापेक्षा तुम्हां सर्वांपुढे एकदाच मांडावी, या हेतूने हे पत्र जाहीरपणे लिहीत आहे. तुमची राज्ये निराळी असतात, राजवंशांच्या नामावळ्या निराळ्या असतात, मुलखांचे नकाशे तर मोठ्या मेहनतीने काढलेले असतात. परंतु बहुतेक राज्यांत एक दुर्ग असतो, आणि तो ज्या द्रव्याचा बांधलेला असतो ते द्रव्य, मग ते निळा पाषाण असो, जिवंत स्फटिक असो वा आकाशातून पडलेला धातू असो, अभेद्य असते, अक्षय असते, अंधारात उजेड देते, शत्रूची पावले ओळखते, जखमा भरून काढते, आणि कथानायकास ज्या घटकेस ज्या गुणाची निकड भासेल तो गुण त्याच घटकेस प्रकट करते. हे द्रव्य अत्यंत दुर्मिळ आहे असे तुम्ही पहिल्या प्रकरणात बजावून सांगता, आणि तिसऱ्या प्रकरणात त्याचीच सात मजली नगरी उभी करता.

कल्पनेला आवर घाला, असे सांगण्यासाठी मी लेखणी उचललेली नाही. माझे म्हणणे याच्या नेमके उलट आहे: तुमची कल्पना वाड्याच्या कळसापर्यंत धावते आणि खाणीच्या तोंडाशी थांबते. ते द्रव्य भूमीच्या कोणत्या भागात निघते, ते काढणारे लोक कोण, त्यांच्यावर हुकूम कोणाचा, काढताना कोणाचे काय गेले, आणि मुख्य म्हणजे ते द्रव्य कोणती गोष्ट करावयास नकार देते, याचा विचारच झालेला नसतो. आणि माझ्या मते द्रव्याची खरी जादू या प्रश्नांच्या उत्तरांत असते.

यासाठी ज्या ग्रंथाचा दाखला द्यावयाचा तो तुमच्यापैकी अनेकांनी वाचलेला आहे. ऑक्सफर्ड विद्यापीठातील इंग्रजी भाषेचे प्राध्यापक जे. आर. आर. टोल्किन यांची ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्स’ ही कादंबरी १९५४ आणि १९५५ या वर्षांत तीन खंडांत प्रसिद्ध झाली. तीतील मिथ्रिल नावाचा धातू तांब्यासारखा ठोकून वाढविता येतो, काचेसारखी झिलई घेतो. ड्वार्फ म्हणविणारे खुजे, दाढीधारी लोहार त्यापासून पोलादाहून कठीण आणि तरीही वजनाला हलके असे घडीव काम करतात. रूप चांदीचे, पण चांदीप्रमाणे तो कधी काळवंडत नाही. इतके गुण तुमच्याही द्रव्यांत असतात, किंबहुना अधिकच असतात. परंतु टोल्किन ही गुणावली वाचकाच्या हाती राजसभेत देत नाहीत; ज्या खाणीतून तो धातू निघाला त्याच खाणीच्या ओसाड, काळोख्या दालनांतून जीव मुठीत धरून चाललेल्या प्रवाशांना गँडाल्फ हा वृद्ध मांत्रिक ती सांगतो, आणि तिच्यामागोमाग तेथील सर्वनाशाचा इतिहासही सांगतो.

तो इतिहास नीट पाहा, कारण त्यात एका मुलखाचे अर्थकारण सामावले आहे. मिथ्रिल फक्त मोरिया नावाच्या त्या खाणीच्या पर्वतगर्भात सापडते. सोने, रत्ने आणि लोखंड तेथे होते, पण ते व्यापारातूनही मिळण्यासारखे होते. मोरियाचे वैभव उभे होते ते या एका धातूवर. एल्फ जमातीतील कुशल कारागीर डोंगराच्या पश्चिमेस येऊन वसले, एरेगिऑन हे राज्य त्यांनी स्थापिले, तेही या धातूची वार्ता ऐकूनच; म्हणजे एका शिरेच्या ओढीने एक शेजार निर्माण झाला आणि दोन परस्परसंशयी जमातींत मैत्री जडली. पण ती शीर उत्तरेकडे काराध्रास शिखराखाली आणि अधिकाधिक खोल अंधारात उतरत गेली. खनक तिच्यामागे गेले, आणि तिसऱ्या युगाच्या १९८० या वर्षी पर्वताच्या मुळाशी दडून बसलेला बालरॉग हा अग्निमय दैत्य जागा झाला. राजा दुरिन सहावा मारला गेला. पुढच्याच वर्षी त्याचा पुत्र नाइन मारला गेला. उरलेली प्रजा देशोधडीस लागली. यानंतर जे मिथ्रिल ऑर्क या क्रूर जमातीच्या हाती लागले ते जवळजवळ सारे त्यांनी आपला दुष्ट अधिपती सॉरॉन याला खंडणीदाखल पोचते केले. सोन्याच्या दहापट असलेली त्याची किंमत आता कोणत्याच नाण्यात सांगता येत नाही, याचे कारण धातूचे गुण वाढले हे नव्हे. पुरवठ्याची वाट बंद झाली, आणि ती का बंद झाली हे साऱ्या जगास ठाऊक आहे. मोरियाचे ऐश्वर्य आणि मोरियाचा विध्वंस ही एकाच शिरेची दोन टोके आहेत. तुमच्या निळ्या पाषाणाला असे दुसरे टोक आहे काय?

येथे एक ग्रंथेतिहासाची गोष्ट सांगितल्यावाचून राहवत नाही. टोल्किन यांचे ‘द हॉबिट’ हे पूर्वीचे पुस्तक १९३७ साली निघाले, तेव्हा बिल्बो या नायकास भेट मिळालेले चिलखत केवळ रुपेरी मुलाम्याच्या पोलादाचे होते. त्या पोलादास मिथ्रिल हे नाव नव्हते. पुढच्या मोठ्या कादंबरीत मोरियाची खाण, तिचे राजे, तिचे शेजारी आणि तिचा नाश हे सर्व साकार झाल्यावर १९६६ च्या सुधारित आवृत्तीत त्या जुन्या चिलखताच्या वर्णनात मिथ्रिलचा निर्देश घालण्यात आला. आधी खाण झाली आणि नंतर तिच्या मालाची नोंद मागील दप्तरात चढली, असा हा क्रम आहे. तुम्ही बहुधा नावापासून आरंभ करता, मग गुणांची यादी लिहिता, आणि खाणीसाठी पाने उरत नाहीत.

आता त्याच चिलखताकडे जवळून पाहू. बिल्बोने ते काही काळ गावच्या संग्रहालयात जुन्यापान्या वस्तूंबरोबर ठेवून दिले होते. त्याची किंमत बिल्बोच्या साऱ्या परगण्याहून, तेथील चीजवस्तूंसह, अधिक भरेल ही गोष्ट त्या गावकऱ्यांना माहीत नव्हती. पुढे ते बिल्बोचा वारस फ्रोडो याच्या अंगावर, सदऱ्याच्या आत येते. मोरियाच्या दालनात ऑर्कांचा एक नायक त्याला भाल्याने भिंतीशी खिळवू पाहतो. भाला चिलखतात शिरत नाही, फ्रोडो वाचतो. सामान्य लेखक येथे थांबला असता आणि धातूचा जयजयकार केला असता. टोल्किन मात्र खाणीबाहेर पडल्यावर सहप्रवासी अ‍ॅरागॉर्नला फ्रोडोचे कपडे उतरवून जखम पाहावयास लावतात, आणि त्या झगमगत्या कड्यांखाली काय आढळते? छातीवर आणि उजव्या कुशीवर मोठा काळानिळा डाग. चिलखताखाली मऊ कातड्याचा सदरा आहे, पण एके ठिकाणी कड्या त्या कातड्यातूनही आरपार दाबल्या जाऊन मांसात रुतल्या आहेत. धातूने भाल्याचे टोक अडविले, भाल्याचा जोर अडविला नाही. तो जोर त्या लहानशा देहालाच सोसावा लागला. या एका डागामुळे मिथ्रिलवर माझा विश्वास बसतो. जे द्रव्य इतकेच करते आणि याहून अधिक करीत नाही, ते हातात धरून पाहता येईल असे वाटू लागते. उलट जे सारेच करते त्याला वजन राहत नाही, आणि ते परिधान करणाऱ्याच्या धैर्यालाही काही अर्थ उरत नाही.

बांधकामाचा विषय निघाला आहे तर मोरियाच्या पश्चिम दरवाजाजवळ थोडे थांबावयास हवे. मिथ्रिलपासून एल्फ कारागिरांनी इथिल्डिन नावाचे एक द्रव्य सिद्ध केले होते, आणि त्या दरवाजावरील रेखाटन त्याचे आहे. दिवसा तेथे दरवाजा असल्याची खूण नाही. सपाट राखाडी कडा, सांधही दिसत नाही. इथिल्डिन सूर्यप्रकाशास उत्तर देत नाही, मशालीच्या उजेडासही देत नाही. फक्त चंद्राचे आणि ताऱ्यांचे तेज परावर्तित करते. बरे, चांदणे पडले म्हणजे झाले असेही नाही. कड्यावर चंद्रप्रकाश येतो आणि तरीही काही वेळ प्रवाशांना काहीच दिसत नाही. गँडाल्फ पुढे होऊन दगडावरून तळवे फिरवीत, लोक विसरून गेलेले शब्द पुटपुटतो, तेव्हा प्रथम दगडात चांदीच्या अतिसूक्ष्म शिरा धावल्यासारख्या दिसतात, मग त्या रुंदावतात, आणि कमान, तिच्यावरील अक्षरे, ऐरण आणि घण, त्यांवर सात ताऱ्यांचा मुकुट, दोन बाजूंना चंद्रकोरींनी लहडलेले दोन वृक्ष असा सारा लेख उमटतो. त्या लेखात घडविणाऱ्यांची नावेही आहेत: दरवाजा खुज्यांपैकी नार्वी याने केला, चिन्हे एल्फांपैकी केलेब्रिम्बोरने रेखाटली. रायगडावर जगदीश्वराच्या देवालयाच्या पायरीवर हिरोजी इंदुलकराचे नाव वाचताना ज्या मराठी माणसाचा हात नकळत त्या दगडाकडे गेला असेल, त्याला नार्वीच्या नावाचे मोल सांगावे लागणार नाही. तुमच्या दुर्गांना राजे असतात, शिल्पी नसतो. टाकीचा घाव कोणी घातला हे कोठेच येत नाही, म्हणून तो दुर्ग कोणी बांधलेलाच नाही असे वाटत राहते.

अभेद्यतेविषयी तुम्हांला विशेष प्रेम आहे, म्हणून त्याच कादंबरीतील ऑर्थांकच्या बुरुजाचे उदाहरण मुद्दाम घेतो. तो काळा पाषाण न्यूमेनॉरच्या प्राचीन स्थपतींनी घडविला. त्यांची विद्या लोपली, पाषाण उरला. वृक्षांचे पालक असलेले एंट जेव्हा संतापाने आयसेनगार्ड या त्या बुरुजाच्या ठाण्यावर चालून जातात, तेव्हा सभोवतालचा दगडी कोट त्यांच्या मुळांसारख्या बोटांपुढे टिकत नाही. परंतु मधला बुरुज त्यांना दाद देत नाही, तळाशी काही कपच्या तेवढ्या उडतात. येथे अभेद्यता विजयी झाली, आणि तिचा परिणाम काय झाला? त्या बुरुजाचा मालक सारुमान आत जिवंत राहिला आणि तेथेच बंदी झाला. बाहेर पाणी भरलेले, दाराशी पहारा, आणि ज्या भिंतींनी त्याला वाचविले त्याच त्याच्या तुरुंगाच्या भिंती. द्रव्याचा एकच गुण स्थिर ठेवून केवळ परिस्थिती पालटली आणि रक्षणाचे बंधन झाले. नवा गुण जोडण्याची टोल्किन यांना गरज पडली नाही.

आपल्याकडे तरी याहून निराळे काय आहे? महाभारतातील मयसभा तुम्ही लहानपणापासून ऐकली आहे, पण तिचे साहित्य कोठून आले याकडे लक्ष दिले आहे काय? खांडववन जळताना अर्जुनाने ज्याचे प्राण वाचविले तो मय, उपकाराची फेड म्हणून सभा बांधावयास सिद्ध होतो. आणि त्यासाठी तो कैलासाच्या उत्तरेस, मैनाक पर्वताजवळील बिंदुसरोवराशी जातो, तेथे दानवराज वृषपर्व्याच्या सभेतील साठा पूर्वी ठेवलेला आहे. तेथून तो स्फटिकादी सामग्री आणतो, भीमासाठी गदा आणि अर्जुनासाठी देवदत्त शंखही आणतो. चौदा महिन्यांनी सभा पुरी होते. म्हणजे ते द्रव्य पराभूत दानवांचे होते, जळालेल्या अरण्याच्या ऋणातून मिळाले होते, आणि त्याला पूर्वीचा एक धनी होता. याच स्फटिकभूमीला दुर्योधन पाणी समजतो, पाण्याला भूमी समजून भिजतो, त्याला हसतात, आणि त्या हसण्याचा डंख द्यूताच्या फाशांपर्यंत पोचतो. त्याच ग्रंथात वारणावताचे लाक्षागृह आहे: पुरोचनाने शण, राळ, तूप आणि लाख वापरून बांधलेले, दिसावयास देखणे. युधिष्ठिर आत पाऊल टाकतो आणि भिंतींचा वास घेतो; चरबी, तूप आणि लाख यांच्या मिश्र वासावरून त्याला कट उमगतो. द्रव्याला वास असतो, एवढी एक गोष्ट लेखकाच्या ध्यानात राहिली म्हणून पाच भाऊ आणि त्यांची आई वाचतात. तुमच्या हस्तलिखितांतील दुर्गांच्या भिंतींना वास आल्याचे मला स्मरत नाही.

दुर्मिळ द्रव्य किती आणि कोठे वापरावे, याचाही विवेक तुम्ही शिकला पाहिजे. टोल्किन यांच्या कादंबरीतील युद्धात मिनास तिरिथ नगरीचे महाद्वार फुटते. पुढे गिम्ली हा ड्वार्फ आणि त्याचे लोक ते नव्याने घडवितात, मिथ्रिल आणि पोलाद यांचे. सबंध तट मिथ्रिलचा करण्याचे कोणाच्या मनातही येत नाही. जेथे घाव बसला तेथेच ते लागले, आणि तेथेही पोलादाच्या जोडीने. खरे बांधकाम करणारे लोक असाच हिशेब करतात. १६६४ साली बांधावयास घेतलेल्या सिंधुदुर्गाच्या पायात शिसे ओतल्याचे सर्वश्रुत आहे. ते पायात ओतले, जेथे समुद्राची लाट अहोरात्र आदळते, कंगोऱ्यांत नव्हे. बाकीच्या कामास चिरा, चुना आणि गवंड्याचा हात पुरेसा होता.

आणि याहूनही मला जे महत्त्वाचे वाटते ते आपल्याच जुन्या दप्तरातून सांगतो. अठराव्या शतकाच्या प्रारंभी रामचंद्रपंत अमात्यांनी लिहिलेल्या आज्ञापत्रात आरमारासाठी लाकूड कसे मिळवावे याविषयी जी आज्ञा आहे, ती प्रत्येक अद्भुतकथाकाराने वाचावी असे मला मनापासून वाटते. सागवानादी वृक्ष तोडावयाचे ते परवानगीने. अधिक लागेल ते परमुलखातून खरेदी करून आणावे. आणि आंबा, फणस हीही आरमाराच्या उपयोगाची झाडे खरी, परंतु त्यांना हात लावू नये, कारण ती वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, रयतेने ती लेकरांप्रमाणे वाढविलेली असतात, ती तोडली तर तिच्या दुःखास पारावार राहत नाही. एखादे झाड जीर्ण होऊन कामातून गेले असेल तर धन्यास राजी करून, मोबदला देऊन, त्याच्या संतोषाने तोडावे. बळजबरी सर्वथा करू नये. एक साधे लाकूड, ज्यात मंत्राचा लवलेश नाही, या काही ओळींत केवढे मौल्यवान होऊन बसले आहे पाहा. त्याला धनी आहे, वय आहे, ते वाढविणाऱ्याचे श्रम आहेत, आणि राजाच्या हाताला अडविणारी एक मर्यादा आहे. अमात्यांनी त्याचे वर्णन एका विशेषणानेही केलेले नाही. तुमच्या जिवंत स्फटिकाचा मक्ता कोणाकडे आहे? खाणीत उतरणाऱ्यास रोज काय मिळतो? ज्याच्या शेताखाली शीर सापडली त्याला विचारले होते काय, आणि त्याने नकार दिल्यावर सरकारने काय केले? या प्रश्नांची उत्तरे लिहू लागा; तुमच्या कादंबरीचे निम्मे कथानक आपोआप उभे राहील, आणि ते कोणाचेही उसने नसेल.

मिथ्रिल मराठीत आणू नका, अशी माझी कळकळीची विनंती आहे. ते मोरियाचे आहे, तेथेच असू द्या. आपल्या भूमीखाली काळ्या कातळाचे थरावर थर आहेत, कोकणात जांभा आहे, तो ओला असता कापता येतो आणि वाऱ्यावर कठीण होत जातो. पाथरवट, बेलदार, लोहार, चुन्याची घाणी फिरविणारे गवंडी यांच्याजवळ पिढ्यान्‌पिढ्यांचे ज्ञान आहे, आणि दगडाचा आवाज ऐकून तो आतून तडकलेला आहे की नाही हे सांगणारी माणसे आजही भेटतात. त्यांच्याजवळ जाऊन बसा. टाकी कोणत्या कोनात धरतात, दगड कोणत्या बाजूने फुटावयास राजी असतो, चुना किती दिवस भिजत ठेवतात, हे विचारून घ्या. मग त्या ज्ञानात तुमचा एकच अद्भुत नियम मिसळा, एकच, आणि शेवटच्या पानापर्यंत तो मोडू नका. नायक संकटात सापडला तरी मोडू नका. विशेषतः तेव्हा मोडू नका.

पुढील हस्तलिखितासोबत राजवाड्याचा नकाशा पाठविला नाही तरी चालेल. खाणीचा मात्र अवश्य पाठवावा: शिड्या कोठून उतरतात, पाणी कोठे झिरपते, दिव्यांना तेल कोण पुरवितो, आणि मुख्य शीर कोणत्या दिशेस जाते, हे त्यात दाखवावे. वाचून सविस्तर उत्तर लिहीन.



आपला स्नेहांकित,
एक वाचक